कॉम्प्युटरचा हुकूम कुठे अडला? क्वेरी आणि प्रोसीजरमधील चुका शोधण्याची रीत



२०२५ सालच्या रमजान ईदच्या आधीचा गुरुवार होता. सव्वीसावा रोजा, आणि रात्री सत्ताविसावी शब. भिवंडीत त्या दिवशी प्रत्येक पेढीवर एकच धावपळ असते, ती म्हणजे लूमवाल्यांच्या मजुरीची. आमच्याकडेही एकोणीस जॉबवाले हिशेबाची वाट पाहत होते. त्यांच्या हातात पैसे पडल्याशिवाय त्यांच्या कारागिरांच्या घरी ईदचा बाजार होणार नव्हता. आणि नेमका आठवडाभर आधी आमचा जुना कॉम्प्युटर बंद पडला होता. नवे यंत्र आणले, बॅकअपमधून डेटा चढवला. पार्ट्यांची नावे, चलाने, ताके, मीटर, सर्व काही जागच्या जागी दिसत होते. मात्र मजुरीची यादी काढण्याचे बटण दाबले की पडद्यावर लाल अक्षरे येत. असरपासून इशापर्यंत आमचा बी.कॉम.ला असलेला भाचा आणि आम्ही त्या लाल अक्षरांशी झगडत होतो.

आम्ही कापडाचे व्यापारी, कॉम्प्युटरचे उस्ताद नव्हे. परंतु त्या रात्री आणि त्यानंतरच्या काही महिन्यांत जे हाती लागले, ते आपल्या बांधवांच्या उपयोगी पडेल असे वाटते. आज पुष्कळ पेढ्यांवर, सायझिंगमध्ये, प्रोसेस हाऊसमध्ये कोणीतरी ओळखीच्या मुलाने करून दिलेला हिशेबाचा प्रोग्राम चालतो. तो मुलगा पुढे पुण्याला किंवा आखाती देशात नोकरीला जातो, आणि प्रोग्राम अडला की मालक हताश होऊन बसतो. तसे बसण्याची गरज नाही.

एक गोष्ट आधीच सांगून ठेवतो. या लेखात आम्ही कॉम्प्युटरचे हुकूम देवनागरीत लिहिले आहेत. यंत्रावर सिलेक्ट, फ्रॉम, व्हेअर हे शब्द इंग्रजी अक्षरांतच लिहावे लागतात.

इमला तपासणारे मास्तर

हिशेबाचा डेटा ज्या कोठारात असतो त्याला डेटाबेस म्हणतात. त्याच्याकडून माहिती मागण्याच्या भाषेचे नाव एसक्यूएल. आय.बी.एम. कंपनीत १९७४ च्या सुमारास डोनाल्ड चेंबरलिन आणि रेमंड बॉईस या दोघांनी ती बसवली, आणि १९८६ साली अमेरिकेत तिचा प्रमाण नमुना ठरला. या भाषेतील एका मागणीला क्वेरी म्हणतात. उदाहरणार्थ :

सिलेक्ट नाव, मीटर फ्रॉम चलान व्हेअर शहर = 'मालेगाव' ऑर्डर बाय नाव;

म्हणजे चलानाच्या वहीतून मालेगावच्या पार्ट्यांची नावे आणि मीटर काढ आणि नावाच्या क्रमाने लाव. अशा अनेक मागण्या एका नावाखाली बांधून डेटाबेसमध्येच कायम ठेवल्या, म्हणजे झाली स्टोअर्ड प्रोसीजर. मुनीमजीला एकदा रीत शिकवून ठेवावी आणि मग नुसते "मजुरी काढा" म्हणावे, तसा तो प्रकार आहे.

आम्ही उर्दू शाळेत शिकलो. तेथे इमला लिहून दिला की मास्तर पूर्ण पान वाचून सगळ्या चुकांखाली लाल रेघा ओढत असत. कॉम्प्युटर त्या मास्तरांसारखा नाही. तो वरून वाचत येतो, जेथे पहिल्यांदा अडतो तेथेच पाटी खाली ठेवतो आणि पुढचे वाचीतच नाही. म्हणून एक चूक दुरुस्त केली की दुसरी दिसते, ती काढली की तिसरी. नवखा माणूस घाबरतो की आपण हात लावल्यामुळे बिघाड वाढला. तसे काही नसते. एररचा मजकूर बदलला, ओळीचा आकडा पुढे सरकला, तर समजावे की काम पुढे गेले आहे.

दुसरी दिलाशाची गोष्ट अशी की, ज्या हुकुमात व्याकरणाची चूक आहे तो हुकूम मुळीच अमलात येत नाही. आपल्या खात्यांना त्याने धक्का लागत नाही. मात्र एकाच फाइलमध्ये दहा हुकूम असतील आणि सहावा चुकला, तर वरचे पाच अनेकदा होऊन गेलेले असतात. मग माणूस सहावा दुरुस्त करतो आणि पूर्ण फाइल पुन्हा चालवतो. जमा झालेली रक्कम दुसऱ्यांदा जमा होते! आमच्या एका स्नेह्याच्या पेढीवर अकरा पावत्या अशाच दुहेरी चढल्या, आणि त्या शोधायला दोन दिवस गेले. म्हणून आधी पहावे की वरचे काय काय होऊन गेले आहे, आणि अडल्या जागेपासून पुढेच चालवावे.

"नियर" या शब्दाचा अर्थ

मायएसक्यूएल नावाचा डेटाबेस आपल्याकडे फार चालतो, कारण तो फुकट मिळतो. त्यात व्याकरण चुकले की एरर १०६४ येतो. मजकूर लांबलचक असतो. आपल्या एसक्यूएलमध्ये चूक आहे, पुस्तक पहा वगैरे. ते सोडून द्यावे. कामाचा शब्द एकच, "नियर". त्याच्यापुढे अवतरणात आपल्याच क्वेरीचा तुकडा छापलेला असतो आणि शेवटी ओळीचा आकडा.

येथे बहुतेक लोक फसतात. त्यांना वाटते की छापलेल्या तुकड्यात चूक आहे, आणि ते त्या तुकड्याकडे तासभर टक लावून पाहतात. वास्तविक कॉम्प्युटर एवढेच सांगतो की "येथपर्यंत मला समजले, हा शब्द आला आणि समजेनासे झाले." चूक बहुधा त्या तुकड्याच्या जरा आधी असते. पहा :

सिलेक्ट नाव, मीटर, फ्रॉम चलान;

एरर "फ्रॉम चलान" वर बोट ठेवील. "फ्रॉम" मध्ये काही दोष नाही. दोष मीटरच्या पुढच्या कॉमात आहे. कॉमा पाहून यंत्र आणखी एका रकान्याची वाट पाहत होते आणि समोर फ्रॉम आले. तेव्हा छापलेला पहिला शब्द धरावा आणि तेथून मागे वाचत जावे, पुढे नव्हे.

आणि "नियर" च्या पुढे अवतरण अगदी रिकामे असेल तर? त्याचा अर्थ असा की मजकूर संपला तरी यंत्र वाटच पाहत राहिले. कंस उघडला पण मिटवला नाही, बिगिन लिहिले पण एंड राहिले, असे काहीतरी झाले आहे. अशा वेळी उघडणारे आणि मिटणारे कंस बोटावर मोजावेत. दोन्ही आकडे सारखे यायला हवेत. अवतरण राहिले असेल तर त्याची खूण वेगळी. लिहिण्याच्या खिडकीत शब्द रंगीत दिसतात, आणि अवतरण उघडे राहिले की तेथून खालचा सर्व मजकूर एकाच रंगात रंगून जातो. तो रंग जेथे सुरू झाला, तेथे चूक.

हुकुमातील शब्दांचा क्रमही ठरलेला आहे. सिलेक्ट, फ्रॉम, व्हेअर, ग्रुप बाय, हॅव्हिंग, ऑर्डर बाय. व्हेअरच्या आधी ऑर्डर बाय लिहिले तर अर्थ कितीही स्पष्ट असला तरी यंत्र ऐकणार नाही.

त्या रात्री काय झाले

आता आमच्या प्रकरणाकडे येतो. पहिला एरर १३०५ होता, म्हणजे "अशी प्रोसीजरच अस्तित्वात नाही". आम्ही थक्क झालो. सगळा डेटा आला आणि प्रोसीजर गेली कुठे? नंतर कळले की मायएसक्यूएलचा नेहमीचा बॅकअप काढणारा प्रोग्राम, ज्याला मायएसक्यूएल डंप म्हणतात, तो टेबले घेतो पण प्रोसीजर घेत नाही. त्याला "रूटीन्स" असा वेगळा हुकूम जोडावा लागतो. आठ वर्षे आम्ही दर शुक्रवारी बॅकअप घेत होतो आणि आठ वर्षे त्यात मजुरीची रीत नव्हतीच. ज्या बांधवांकडे असा प्रोग्राम आहे त्यांनी हा लेख बाजूला ठेवून आजच ही गोष्ट तपासावी.

प्रोग्राम करून देणारा मुलगा आता कुवेतला आहे. त्याला फोन लावला. त्याने प्रोसीजरची एक प्रत वर्डच्या फाइलमध्ये लिहून ठेवली होती, ती इफ्तारच्या आधी पाठवून दिली. अल्लाह त्याला बरकत देवो. भाच्याने ती उचलून यंत्रात चिकटवली, आणि एकामागून एक सात एरर आले.

पहिला रिकाम्या अवतरणाचा, ओळ तीन. कंस सगळे बरोबर होते. मग कशाची वाट पाहत होते यंत्र? गोष्ट अशी की, मायएसक्यूएलमध्ये आपण जेथे लिहितो तो प्रोग्राम अर्धविरामापर्यंत मजकूर कापतो आणि डेटाबेसकडे पाठवतो. पण प्रोसीजरच्या पोटात प्रत्येक वाक्यानंतर अर्धविराम असतोच. त्यामुळे पहिल्या अर्धविरामालाच ताका कापला गेला, बिगिन गेले आणि एंड मागे राहिले. पुढचे तुकडेही एकेकटे जाऊन आपटले, म्हणून सात एरर. चूक एकच होती. उपाय सोपा आहे. प्रोसीजरच्या आधी एक ओळ लिहावी, "डिलिमिटर" आणि पुढे दोन डॉलरची चिन्हे. म्हणजे आता कापण्याची खूण अर्धविराम नसून दोन डॉलर. शेवटी एंडनंतर दोन डॉलर लिहावेत आणि मग डिलिमिटर पुन्हा अर्धविराम करून ठेवावा. हे असे दिसते :

डिलिमिटर $$
क्रिएट प्रोसीजर मजुरी_यादी (इन पासून_ता डेट, इन पर्यंत_ता डेट)
बिगिन
डिक्लेअर एकूण डेसिमल(१२,२) डिफॉल्ट ०;
...
एंड $$
डिलिमिटर ;

हा डिलिमिटर लिहिण्याच्या खिडकीचा हुकूम आहे, डेटाबेसचा नव्हे. म्हणून प्रोग्राममधून सरळ डेटाबेसकडे प्रोसीजर पाठवताना तो लिहिला तर उलट तोच एरर देतो. त्याचप्रमाणे डिक्लेअरच्या ओळी बिगिनच्या लगोलग खाली हव्यात. मध्येच आठवले आणि डिक्लेअर लिहिले असे चालत नाही.

सातवरून एकावर आलो. आता बोट एका लांब आडव्या रेघेवर होते. प्रोसीजरमध्ये माणसासाठी टीप लिहायची असेल तर दोन छोट्या रेघा आणि मग जागा सोडून टीप लिहितात. यंत्र ती ओळ वाचीत नाही. पण वर्डने लिहिताना त्या दोन रेघांची मिळून एक सुबक लांब रेघ केली होती. वर्डला ती शोभेची वाटली, डेटाबेसला ती कळली नाही. तसल्या चार रेघा आम्ही बदलल्या.

त्यानंतरचा एरर "ग्रुप्स" या शब्दावर आला. ग्रुप्स हे आमच्याच एका टेबलाचे नाव. दलाल, जॉबवाले, दुकानदार असे पार्ट्यांचे गट त्यात आहेत. आठ वर्षे हे नाव बिनतक्रार चालले होते. मग आज काय झाले? झाले असे की जुन्या यंत्रावर मायएसक्यूएलची ५.७ ही आवृत्ती होती आणि नव्यावर ८.०. ही नवी आवृत्ती २०१८ साली निघाली तेव्हा काही शब्द तिने स्वतःसाठी राखून ठेवले, त्यांत ग्रुप्स आणि रँक हेही आहेत. राखीव शब्द टेबलाला किंवा रकान्याला तसाच देता येत नाही. द्यायचाच तर त्याच्या दोन्ही बाजूंना उलटे टिंब, म्हणजे आकडा एकच्या डावीकडील बटणावरचे चिन्ह लावावे : `ग्रुप्स`. एसक्यूएल सर्व्हरमध्ये त्यासाठी चौकोनी कंस लावतात, ओरॅकल आणि पोस्टग्रेसमध्ये दुहेरी अवतरण. नवीन टेबल करताना ऑर्डर, ग्रुप, की, डेस्क ही नावे टाळलेली बरी. कापडाच्या धंद्यात ऑर्डर हे नाव हटकून सुचते, आणि ते हटकून अडते.

एवढ्यात मगरिबची अजान झाली. रोजा सोडला, नमाज पढून पुन्हा बसलो.

भाच्याने या वर्षीच्या नव्या दराची एक अट त्यात घातली होती. दर पिकावर ठरतो हे आपल्याला ठाऊकच आहे. त्याने "इफ ... देन ... एल्स इफ ... देन ... एंड इफ" असे लिहिले. पुन्हा रिकामे अवतरण, शेवटची ओळ. ही चूक आम्हाला सर्वात जास्त वेळ सापडली नाही. मायएसक्यूएलमध्ये "एल्सइफ" हा एक जोडलेला शब्द आहे. तो तोडून "एल्स इफ" लिहिला तर यंत्र समजते की पोटात दुसरा नवीन इफ उघडला, आणि मग त्याच्यासाठी आणखी एक एंड इफ मागते. एका रिकाम्या जागेचा फर्क. उर्दू शिकलेल्या माणसाला याचे नवल वाटू नये. आपल्याकडे एक नुक्ता वरचा खाली गेला की शब्दच बदलतो.

प्रोसीजर तयार झाली, अल्हमदुलिल्लाह म्हटले आणि बटण दाबले. एरर १०५४ : "‘पक्का’ नावाचा रकाना सापडत नाही". पक्का हा रकाना नव्हताच, तो तर चलानाचा प्रकार होता, अवतरणात लिहिलेला. पण अवतरण वर्डचे होते, वाकडे, शोभेचे. डेटाबेसला सरळ, उभे अवतरण लागते. वाकड्या अवतरणाला मायएसक्यूएल अक्षरच समजते आणि त्यासकट पूर्ण शब्दाला रकान्याचे नाव मानते. म्हणून व्याकरणाचा एरर न येता रकाना हरवल्याचा येतो, आणि तोही प्रोसीजर तयार होताना नव्हे, चालवताना. कारण तयार करताना मायएसक्यूएल फक्त व्याकरण पाहते, रकाने आहेत की नाहीत ते चालवतानाच पाहते. प्रोसीजर तयार झाली म्हणजे ती बरोबर आहे असे मुळीच नाही.

तसाच धोका उर्दू कीबोर्डचा आहे. आमच्या यंत्रावर उर्दू लिहिण्याची सोय आहे. बटण बदलायचे विसरले तर कॉमा उर्दूचा, उलटा पडतो. डोळ्याला तो कॉमाच वाटतो, यंत्राला वाटत नाही. क्वेरी नेहमी नोटपॅडसारख्या साध्या खिडकीत लिहावी आणि ठेवावी, वर्डमध्ये कधीही नव्हे.

तरावीहच्या आधी यादी निघाली. एका जॉबवाल्याचा हिशेब आम्ही वहीवर हाताने केला, पैशापर्यंत जुळला. तेव्हाच बाकीच्यांना फोन केले. पेमेंट शुक्रवारी सकाळी झाले, म्हणजे वायद्यापेक्षा एक दिवस उशिरा.

नावातला ऐन

आपल्या लोकांना वारंवार येणारी एक अडचण इतरांना कमी येते, म्हणून तिच्याविषयी वेगळे लिहितो. मसऊद, सईद, सनाउल्लाह ही नावे इंग्रजीत लिहिताना पुष्कळ जण ऐन किंवा हमजासाठी मध्ये वरचा स्वल्पविराम देतात. कोकणात आणि गोव्यात ख्रिस्ती पार्ट्यांशी व्यवहार करणाऱ्यांना डिसूझा या नावात तेच चिन्ह भेटते. डेटाबेसमध्ये हेच चिन्ह अवतरणाचे आहे. क्वेरीत 'मस'ऊद' असे गेले की यंत्र समजते नाव "मस" येथेच संपले, आणि "ऊद" हा काय शब्द आहे म्हणून अडते. शंभर पार्ट्यांची बिले निघतात, एकाचेच निघत नाही आणि कारण कळत नाही.

हाताने लिहिताना ते चिन्ह दोनदा द्यावे : 'मस''ऊद'. पण प्रोग्राममध्ये खरा उपाय हा की, नाव क्वेरीच्या मजकुरात जोडूच नये, ते पॅरामीटर म्हणून वेगळे पाठवावे. प्रोग्राम करणाऱ्याला आपण हा प्रश्न जरूर विचारावा. ज्या प्रोग्रामची क्वेरी एका नावाने मोडते, त्याच वाटेने एखादा बदमाश नावाच्या जागी हुकूम लिहून खात्यांत हात घालू शकतो. तेव्हा मसऊद भाईंचे बिल अडणे ही धोक्याची सूचनाच समजावी.

नावे उर्दूत किंवा मराठीत ठेवणाऱ्यांनी आणखी एक लक्षात ठेवावे. एसक्यूएल सर्व्हरमध्ये अशा मजकुराच्या अवतरणाआधी कॅपिटल एन हे अक्षर लावावे लागते आणि रकानाही एन-व्हारकॅर प्रकारचा असावा लागतो. नाहीतर कोणताही एरर न येता नावाच्या जागी प्रश्नचिन्हांची रांग जमा होते, आणि मूळ नाव परत येत नाही.

दुसऱ्या घरची भाषा

सर्व डेटाबेसची भाषा एक असली तरी बोली निरनिराळ्या आहेत. पहिल्या दहा नोंदी हव्या असतील तर मायएसक्यूएल आणि पोस्टग्रेसमध्ये शेवटी "लिमिट १०" लिहितात, एसक्यूएल सर्व्हरमध्ये सिलेक्टच्या पुढेच "टॉप १०". अॅक्सेसमध्ये तारीख हॅशच्या चिन्हांत ठेवतात. आजकाल मुले इंटरनेटवरून किंवा एआयला विचारून क्वेरी आणतात. आणावी, त्यात गैर काही नाही. पण विचारताना आपला डेटाबेस कोणता आणि आवृत्ती कोणती हे सांगितले नाही तर परक्या बोलीतली क्वेरी मिळते आणि व्याकरणाचा एरर येतो.

एरर सांगण्याची पद्धतही वेगळी. पोस्टग्रेस अडलेल्या शब्दाखाली टोपीसारखी खूण करते, ते सर्वात सोयीचे. एसक्यूएल सर्व्हर १०२ किंवा १५६ असा आकडा देतो, अवतरण उघडे राहिले तर १०५. ओरॅकलमध्ये प्रोसीजर चुकली तरी "तयार झाली, पण चुकांसकट" एवढीच ताकीद मिळते. मग "शो एरर्स" म्हटल्यावर चुका दिसतात. एसक्यूएल सर्व्हरची एक खोड अशी की, प्रोसीजरमध्ये लिहिलेले टेबल जागेवर नसले तरी तो प्रोसीजर तयार करून देतो आणि पेमेंटच्या दिवशी चालवली की मग अडतो.

प्रोसीजरच्या आत तुकडे जोडून क्वेरी बनवलेली असेल तर चूक डोळ्याला दिसत नाही. "फ्रॉम चलान" आणि "व्हेअर" हे दोन तुकडे जोडताना मध्ये जागा राहिली नाही, तर "चलानव्हेअर" असा शब्द बनतो. अशी क्वेरी चालवण्याआधी पडद्यावर छापून पहावी, मग वेगळी चालवून पहावी. आणि लांबलचक क्वेरीत काहीच सापडत नसेल तर ती कापावी. आधी नुसते सिलेक्ट आणि फ्रॉम चालवावे, मग एक अट जोडावी, मग दुसरी. जी जोडल्यावर अडेल तिच्यातच चूक. लूमवर धागा तुटला तर आपण याहून वेगळे काय करतो?

जी चूक यंत्र सांगत नाही

लाल अक्षरे आली म्हणून त्रासणाऱ्या बांधवांना आम्ही सांगू की लाल अक्षरे तुमची खैरख्वाह आहेत. खरे नुकसान त्या चुका करतात ज्यांत व्याकरण दुरुस्त असते आणि अर्थ चुकलेला.

"सिलेक्ट नाव शहर फ्रॉम पार्टी" पहा. मध्ये कॉमा राहिला. एरर येत नाही. यंत्र समजते की नाव या रकान्याला शहर असे मथळा द्यायचा आहे. शहर या मथळ्याखाली पार्ट्यांची नावे छापून येतात. हे निदान दिसते तरी. "व्हेअर जमा_तारीख = नल" लिहिले तर एरर नाही आणि उत्तरही नाही, यादी कोरी येते आणि मालक खूश होतो की बाकी कोणाचीच नाही. तेथे "इज नल" लिहावे लागते.

एका व्यापारी मित्राने आपला हिशेब मायएसक्यूएलवरून पोस्टग्रेसवर नेला. मजुरीचे सूत्र तेच ठेवले : पिक गुणिले दर पैशांत, भागिले शंभर. बावन्न पिक, दर दहा पैसे, म्हणजे मीटरला ५ रुपये २० पैसे. मायएसक्यूएल बरोबर ५.२० काढत होते. पण पोस्टग्रेसमध्ये, आणि एसक्यूएल सर्व्हरमध्येही, पूर्णांकाला पूर्णांकाने भागले की उत्तर पूर्णांकच येते, अपूर्णांक गळून जातो. मीटरला फक्त ५ रुपये धरले गेले. चार हजार मीटरवर २०,८०० ऐवजी २०,००० रुपये, म्हणजे ८०० रुपये कमी. तीन पंधरवडे हे चालले. शेवटी एका जॉबवाल्याने वही आणून दाखवली तेव्हा उघड झाले. भागिले १०० च्या ऐवजी भागिले १००.० लिहिले की उत्तर बरोबर येते. मित्राने सर्वांची बाकी रक्कम चुकती केली. मजुराचा हक्क मारला गेला असता, तोही नकळत, आणि कयामतच्या दिवशी पोस्टग्रेसचे नाव सांगून सुटका झाली नसती.

आमची स्वतःची चूकही लिहितो. भिवंडी आणि मालेगावच्या थकबाकीदारांना तगाद्याची पत्रे काढायची होती. आम्ही लिहिले : "व्हेअर शहर = 'मालेगाव' ऑर शहर = 'भिवंडी' अँड बाकी > ०". यंत्र अँडची जोडी आधी बांधते. त्यामुळे अर्थ झाला असा की, मालेगावचे सर्वच्या सर्व, आणि भिवंडीचे फक्त बाकी असलेले. मालेगावच्या एका बुजुर्ग पार्टीने वीस वर्षांत एक दिवस उधारी थकवली नव्हती, त्यांना तगाद्याचे पत्र गेले. त्यांनी फोन केला नाही, तकरार केली नाही, फक्त पुढची ऑर्डर पाठवली नाही. आम्हाला दोन महिन्यांनी कळले. ऑरच्या दोन्ही अटींना एक कंस घातला असता तर हे झाले नसते. आम्ही स्वतः मालेगावला जाऊन माफी मागितली. त्यांनी चहा पाजला, ऑर्डरही पुन्हा सुरू झाली, पण आता ते प्रत्येक पेमेंटची पोच लेखी मागून घेतात.

खात्यांत बदल करणारा हुकूम, म्हणजे अपडेट किंवा डिलीट, चालवण्यापूर्वी त्याच अटीचा सिलेक्ट चालवून किती नोंदी येतात ते पहावे. पाच बदलायच्या असतील आणि पाचशे आल्या तर हात आखडता घ्यावा. त्याशिवाय आधी "स्टार्ट ट्रान्झॅक्शन" म्हणावे, बदल पाहून पटले तर "कमिट", नाही पटले तर "रोलबॅक". मायएसक्यूएलमध्ये टेबल इनोडीबी प्रकारचे असेल तरच रोलबॅकने मागचे परत येते, जुन्या मायआयएसएएम प्रकारात येत नाही. आपले टेबल कोणत्या प्रकारचे आहे ते "शो क्रिएट टेबल" आणि पुढे टेबलाचे नाव लिहिले की शेवटच्या ओळीत दिसते.

आणि कोणाला मदत मागायची झाली तर "कॉम्प्युटर एरर देतो" एवढे सांगू नये. एररचा आकडा, पूर्ण मजकूर, पूर्ण क्वेरी, डेटाबेसचे नाव आणि आवृत्ती एवढे पाठवावे. पडद्याचा फोटो नव्हे, मजकूरच, कारण फोटोत वाकडे अवतरण ओळखू येत नाही. आमच्या सर्व प्रोसीजर आता साध्या मजकुराच्या फाइलमध्ये आहेत, शुक्रवारच्या बॅकअपला रूटीन्सचा हुकूम जोडला आहे, आणि दर तीन महिन्यांनी भाचा तो बॅकअप दुसऱ्या यंत्रावर चढवून मजुरीची यादी काढून पाहतो. गेल्या वेळी त्याला अकरा मिनिटे लागली.